‘रंगीत रविवार’चा खरा इतिहास

जळगाव जामोद,
रविवार, सकाळचे साडेदहा

इंद्रभानभाऊ, मुक्काम वडनेर भोलजी, यांना नीळकंठचा रामराम.

(हा मायना लिहायला अर्धा तास गेला. आधी ‘आदरणीय’ लिहिलं, पण ते वाचून तुला बँकेची नोटीस आल्यासारखं वाटलं असतं. मग ‘प्रिय’ लिहिलं, तर ज्याला एकोणीस वर्षं तोंड दाखवलं नाही त्याला प्रिय म्हणायला हात धजेना. शेवटी रामराम घातला. तो वाटेत भेटलेल्या कोणालाही घालता येतो. खालच्या मजकुरात मात्र ‘तू’च येईल. तुला ‘तुम्ही’ म्हणायला लागलो की माझं शुद्धलेखन बिघडतं.)

तुझी प्रकृती कशी आहे? तुझ्या गावचा एक जण इकडे खतांच्या दुकानात येत असतो. तू अजून सायकलवर शेतात जातोस आणि सायकलवरून उतरल्यावर पाच मिनिटं सायकललाच धरून उभा राहतोस, असं तो सांगतो. म्हणजे गुडघे गेलेले दिसतात. निरगुडीचा पाला बांधून पाहा. माझी तब्येत उत्तम आहे असं मी सगळ्यांना सांगतो, त्यामुळे दुसऱ्यांदा विचारायला कोणी येत नाही. शरयू पुण्याला मुलाकडे आहे. शंतनूला मुलगा झाला तेव्हा ती सहा महिन्यांसाठी म्हणून गेली. तो मुलगा आता शाळेत जायला लागला, पण शरयूचे सहा महिने काही संपत नाहीत. रोज संध्याकाळी सात वाजता व्हिडिओ कॉल असतो. त्यात नातू मला दाखवतात आणि मी नातवाला दाखवला जातो, आम्ही दोघं एकमेकांकडे पाहून कंटाळतो आणि कॉल संपतो. केबलचा धंदा मी मागेच एका मोठ्या कंपनीला देऊन टाकला हे तुझ्या कानावर आलं असेल. त्यांनी माझं गिऱ्हाईक नेलं, तारा मात्र गच्चीवरच ठेवल्या. त्यांच्यावर आता शेजारची सरस्वती… (खोडलं आहे, पण दिसत असेल. शेजारच्या बाईचं नाव तेच आहे, माझा काही इलाज नाही.) त्यांच्यावर आता शेजारच्या बाई शेवया वाळत घालतात.

पत्रास कारण की, गेल्या महिन्यात माझ्याकडे एक मुलगी येऊन गेली आणि त्यातून इतिहासाचा एक घोटाळा झाला. तो निस्तरायला तुझी मदत पाहिजे.

मुलीचं नाव पूनम. आपल्या धाडच्या केबलवाल्या रामरावांची नात. (घरी तिला छकुली म्हणतात हे तिने बोलता बोलता सांगितलं आणि लगेच ते लिहू नका म्हणाली, पण ती लिहीत होती, मी नाही.) ती पुण्याला कॉलेजात शिकवते आणि गावोगावच्या केबलवाल्यांनी पोरांसाठी काय काय दाखवलं याचा इतिहास लिहिते आहे. तिने फोनवर सांगितलं, “काका, तुमच्या ‘रंगीत रविवार’वर मला पूर्ण प्रकरण लिहायचंय.” मी फोन ठेवला आणि आरशात पाहिलं. नऊ वर्षं आपण दर रविवारी नऊ ते साडेदहा तीन गावांना कार्टून दाखवलं, त्याबद्दल तोवर मला एकाच माणसाने काही विचारलं होतं, आणि तो करमणूक कराचा माणूस होता.

ती येणार म्हणून मी शंतनूच्या लग्नातला कोट घातला. बाहेर बेचाळीस डिग्री ऊन. मला वाटलं कॅमेरा असेल, दिवे असतील, सोबत चार माणसं असतील. आली एकटीच, जीपमधून उतरून धुळीने पांढरी झालेली, खांद्याला पिशवी, हातात एक मोबाईल. तो तिने माझ्या समोरच्या स्टुलावर उपडा ठेवला आणि म्हणाली, “बोला.” आता एवढा कोट घालून उपड्या मोबाईलशी काय बोलायचं? पण एकदा घातलेला कोट लगेच काढला तर तो कशासाठी घातला होता हे उघड होतं, म्हणून मी दोन तास तो तसाच घालून बसलो. पोहे केले होते. ते तिने खाल्ले. पोरीवर रामरावांचे संस्कार चांगले आहेत.

मी सुरुवात खामगावपासून केली. तू फवारणीच्या पंपाचा वॉशर आणायला गेला होतास आणि बंद पडलेल्या व्हिडिओ लायब्ररीचं सामान भंगारात निघालं होतं तिथून बारा कॅसेट घेऊन आलास, वॉशर विसरून. कॅसेटवरची अक्षरं आपल्या दोघांनाही लागेनात. तू म्हणालास, रशियाची असतील. मी म्हटलं, तू उलटी धरली असशील. लावून पाहिलं तर टोपी घातलेलं एक अस्वल, पिशवी घेतलेलं एक पांढरं बदक, आणि दर गोष्टीत कुठून तरी एक आगगाडी जायची. बोलायचे ते काही कळेना. पोरांना ते दाखवायचं तर मराठी पाहिजे, म्हणून दोन व्हीसीआर समोरासमोर ठेवले, मधे माईक लावला, आणि आवाज आपणच द्यायचा असं ठरलं. हे तुला सगळं माहीत आहे, तरी लिहितो, कारण पूनमला सांगताना माझ्या लक्षात आलं की हे मला मोठ्याने सांगून किती वर्षं झाली. तेव्हा तू म्हणालास, “तू अस्वल हो बे. तुले मेकअप लागत नाही.” म्हणून मी गबाजी अस्वल झालो. बटणं, आगगाडी, पाऊस, कुत्री, गर्दी आणि पोलीस हे सगळं तुझ्याकडे होतं.

पूनमने विचारलं की मग हे तीन गावांत कसं चालायचं. मी सांगितलं की कॅसेट आधी इथे जळगावात लागायची, सोमवारी ती कापडी पिशवीत घालून कंडक्टरच्या हाती नांदुऱ्यावरून वडनेरला जायची, तिथला रविवार झाला की मलकापूर, मोताळा, राजूरचा घाट करत धाडला. त्यावर ती म्हणाली की याला सिंडिकेशन म्हणतात. आपण त्याला पिशवी म्हणत होतो. मग तिने मोबाईल सुलटा करून वेळ पाहिली, पुन्हा उपडा ठेवला, आणि मनात वीस वर्षं साठलेलं बोलली. धाडला प्रत्येक गोष्ट दोन रविवार उशिरा यायची. तिचा एक मावसभाऊ जळगावचा. तो दिवाळीत, उन्हाळ्यात धाडला यायचा आणि गबाजीचं पुढे काय होणार ते आधीच सांगून टाकायचा. सगळी पोरं त्याच्या मागे फिरायची. त्याच्या पेरूंचा वाटा मोठा, खेळात त्याचा पहिला डाव. “काका, तो गणितात दोनदा नापास झालाय, पण धाडमध्ये अजून त्याला ज्ञानी समजतात.” मी तिची माफी मागितली. सिंडिकेशनच्या वतीने.

पिशवीवर कोणी हात मारू नये म्हणून तू तिच्यावर ‘जनावरांचे औषध’ असं लिहिलं होतंस, तेही सांगितलं. आणि मग अर्थातच मलकापूरच्या स्टँडवर झालेला घोळही सांगावा लागला. म्हशीचं औषध न्यायला आलेला एक शेतकरी आपली पिशवी घेऊन गेला आणि रामरावांकडे पोटफुगीवरचं औषध पोचलं. शेतकरी भला माणूस. तो तीन दिवसांनी तुझ्याकडे कॅसेट घेऊन आला आणि एवढंच विचारलं, “हे कुटून द्याचं का तसंच?” पण इकडे धाडच्या रविवारी रामरावांकडे लावायला काही नव्हतं, म्हणून त्यांनी पुठ्ठ्यावर ‘तांत्रिक अडचण’ असं लिहून तो कॅमेऱ्यासमोर धरला. पूनम हसली नाही. म्हणाली, “मी ती पाटी दीड तास पाहिली होती. मला वाटलं, गबाजी तिच्यामागून येईल.”

(इथे मी पाणी प्यायला उठलो.)

आता घोटाळा कुठे झाला ते सांगतो. तिने विचारलं की बारा कॅसेट नऊ वर्षं कशा पुरल्या. मी अभिमानाने सांगितलं की चित्रं तीच, पण दर फेरीला गोष्ट नवी. पहिल्या फेरीत गबाजी घरमालक होता आणि टिकलीबाई बदक भाडेकरीण. दुसऱ्या फेरीत फाटकाच्या दोन बाजूंना उभं राहून त्यांची सोयरीक जुळवणं चाललं होतं. तिसऱ्या फेरीत गबाजी तलाठी झाला, आणि सोमवारी खरे तलाठी घरी येऊन बसले, चहा घेतला, गेले, काही बोलले नाहीत. चौथ्या फेरीत गबाजी बेरोजगार झाला. पोरांनी नऊ वर्षांत एकदाही विचारलं नाही की हेच अस्वल मागच्या वर्षी कंडक्टर कसं होतं. माणसाला पोट भरण्यासाठी काय काय करावं लागतं हे आपल्याकडच्या पोरांना लवकर कळतं.

त्यावर पूनमने पिशवीतून कागद काढले. तिने ती मूळ चित्रं कुठून तरी मिळवून ती भाषा येणाऱ्या कोणाला तरी दाखवली होती. इंद्रभान, बसून वाच. त्या गोष्टी नव्हत्याच. रेल्वेचं फाटक बंद असताना रूळ ओलांडू नये, हे शाळेतल्या पोरांना शिकवायला ते चित्रपट कोणीतरी काढले होते. बाराच्या बारा. बदक प्रत्येक वेळी त्या अस्वलाला एवढंच सांगतं की थांब, गाडी येते आहे. आपण नऊ वर्षं तिच्या तोंडी भाडं, हुंडा, सातबारा आणि निवडणूक घातली. पूनम म्हणाली, इतिहासाच्या दृष्टीने हे फार मौल्यवान आहे. मला मात्र आपल्या भागात रेल्वे फाटकावर नऊ वर्षं काय काय झालं असेल याचीच काळजी लागली.

मग तिने तो प्रश्न विचारला. “अस्वल तुम्ही. मग टिकलीबाईचा आवाज कोणाचा?”

आणि मी म्हणालो, “माझाच.”

का म्हणालो ते मला अजून नीट सांगता येत नाही. नाव घ्यायचं झालं तर पुढचं सगळं घ्यावं लागलं असतं. ती म्हणाली, “करून दाखवता?” मी कोटाचं बटण सोडलं, गळा साफ केला आणि करून दाखवलं. तुला आठवत असेल, पहिल्या गुरुवारी मी दोन्ही आवाज माझेच काढत होतो आणि बदकाचा आवाज मांजरीच्या शेपटीवर पाय पडल्यासारखा येत होता. सरस्वतीवहिनी स्वयंपाकघराच्या दारात परात घेऊन उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, “बाई अशी नाई बोलत भाऊजी. बाई रागावली का आवाज खाली जाते, वर नाई जात.” तू म्हणालास, मग तूच बोलून दाखव. त्या माईकजवळ आल्या, कणकेचे हात पदराला पुसले आणि टीव्हीतल्या अस्वलाकडे पाहून अगदी खालच्या पट्टीत म्हणाल्या, “तुले काई कामधंदा नाई काय? सकायपासून नुसता हिंडून राह्यला.” तू तर बटण दाबायचं विसरलास आणि ते वाक्य पुन्हा घ्यावं लागलं. नाव द्यायला त्यांनी साफ नकार दिला, म्हणून शेवटी पाटीवर ‘आवाज : एक गृहिणी’ असं लिहायचो. पण गिरणीत दळण टाकताना त्या “जाडं दळजो रे” एवढंच म्हणाल्या आणि रांगेतलं एक पोरगं ओरडलं की टिकलीबाई आली, तेव्हा त्या तिथून तडक घरी आल्या आणि तुझ्यावर चिडल्या. आवाज खाली गेला होता, म्हणजे खऱ्याच चिडल्या होत्या. पुढचा गुरुवार मात्र त्यांनी चुकवला नाही.

तर मी तो मांजरीचा आवाज पूनमसमोर काढला. तिने ऐकून घेतला. मग अगदी हळू म्हणाली, “काका, हा तो आवाज नाही.”

लहानपणी दोन रविवार उशिरा ऐकणाऱ्या पोरीने मला एका वाक्यात पकडलं. मी कोट काढला. मग तिला खरं सांगितलं, की तो आवाज वडनेरच्या सरस्वतीबाईंचा, इंद्रभानच्या बायकोचा. दर गुरुवारी मी इथून नांदुऱ्याला आणि तिथून दुसऱ्या गाडीने वडनेरला जायचो, कारण त्या गाव सोडून यायला तयार नव्हत्या. आणि ती रेकॉर्डिंगं तुमच्या पुढच्या खोलीत व्हायची, खिडकीला गोधडी लावून. तिने विचारलं की त्यातली एखादी कॅसेट आहे का. मी माळ्यावर चढलो. (पासष्टीनंतर माळ्यावर एकट्याने चढू नये. खाली कोणीतरी शिडी धरायला असावं, निदान पडल्यावर कळायला तरी.) शेवटच्या फेरीच्या बारा सापडल्या. त्याच्या आधीच्या कुठून सापडणार, आपण दर वेळी त्याच कॅसेटवर पुन्हा भरत होतो. बारापैकी अकरांना बुरशी. बारावी लागली.

मी चहा ठेवायला आत गेलो आणि बाहेरून त्यांचा आवाज आला. चहा उतू गेला. बाहेर आलो तेव्हा पूनम मांडी घालून टीव्हीसमोर जमिनीवर बसली होती, अगदी जवळ, डोळे खराब होतील म्हणून आपण पाटी लावायचो तितक्या जवळ.

ती गेल्यावर घर फार मोठं वाटलं. कपबश्या दोन होत्या, त्या धुवायला मी उगाच वेळ लावला.

आता आपलं बोलू. शेवटी काय झालं ते तिने विचारलं, आणि मी सांगितलं की मोठ्या चॅनलांची हिंदी कार्टून दिवसभर यायला लागली, पोरं तिकडे गेली. इतिहासात तेच लिहिलं जाईल, आणि ते खोटंही नाही. पण कापूस वेचणीच्या दिवसांत मी तुला जी चिठ्ठी पाठवली ती तुला पाठ असेल, मलाही आहे. ‘बदकाचा आवाज फार घोगरा झाला आहे. पोरं नाराज आहेत. जळगावात गाण्याच्या शिकवणीच्या एक बाई आहेत, त्यांना विचारून ठेवलं आहे.’ पुढच्या फेरीला पिशवी परत आली, त्यात कॅसेट आणि तुझी एक ओळ : ‘माझ्या घरात बदकं नाहीत.’ नंतर दोन महिन्यांनी कळलं की वहिनींच्या घशाला काय झालं होतं. तेव्हा मला तुझा राग कळला. पण तोवर मलाही राग आलेला होता, आणि रागाचं असं आहे की तो चुकीचा आहे हे कळल्याबरोबर जात नाही, आणखी काही दिवस शरमेच्या मागे लपून बसतो.

पोळ्याच्या आठ दिवस आधी कंडक्टरने सांगितलं की वहिनी गेल्या. मी दुसऱ्या दिवशी निघालो होतो, इंद्रभान. तुला हे माहीत नाही. नांदुऱ्याला गाडी बदलली, वडनेरच्या फाट्यावर उतरलो, समोरच्या हॉटेलात चहा घेतला. मग दुसरा घेतला. तिसऱ्याला हॉटेलवाल्याने विचारलं, “कोनाकडं जाचं हाये?” मी म्हटलं, “गाडीची वाट पाहून राह्यलो.” मग त्याच्यासमोर खोटं पडू नये म्हणून जी पहिली गाडी आली तिच्यात बसावं लागलं. ती मलकापूरची निघाली. तिथून उलटा घरी आलो. शरयूला सांगितलं की पाऊस फार होता. पाऊस नव्हता.

असो. इतकं लांबण लावलं ते एवढ्याचसाठी, की पूनमला आपला कार्यक्रम नेमका कधी सुरू झाला त्याची तारीख हवी आहे. मी शहाण्णवची दिवाळी सांगितली, पण ती सत्त्याण्णवची संक्रांतही असू शकेल. तुला आठवत असेल तर एका ओळीत कळव. पोस्टकार्ड चालेल.

घरच्या सगळ्यांना यथायोग्य. गुडघ्यांना जप, सायकल विक, आणि विकायची नसेल तर निदान उतारावरून तरी चालत जा.

तुझा (हा शब्द मी खोडणार नाही),
नीळकंठ

ता. क. तारखेचं कळवलं नाहीस तरी चालेल. पहिल्या कॅसेटच्या डबीच्या आत तुझ्याच अक्षरात ती लिहिलेली आहे. शहाण्णवची दिवाळी, भाऊबीज. तारीख मला पूनम यायच्या आधीपासून माहीत आहे.

ता. क. २. वर एक गोष्ट गाळली. लिहू की नको यात तीन रविवार गेले. ती बारावी कॅसेट गोष्ट संपल्यावर बंद होत नाही. पडद्यावर नुसत्या मुंग्या दिसतात आणि आवाज चालू राहतो, कारण त्या गुरुवारी कोणीतरी हाक मारली म्हणून तू बाहेर गेला होतास आणि बटणं तुझ्याशिवाय कोणी हाताळत नसे. मी हे तेव्हा जगलो होतो, पण ते टेपवर आलं आहे हे मला माहीत नव्हतं. आपण प्रक्षेपण गोष्टीपाशीच थांबवायचो. पूनमने मला हाक मारली, “काका, इथे कोणीतरी बोलतंय.” तिने ऐकलं, आणि न सांगता आपला मोबाईल बंद करून पिशवीत टाकला.

वहिनी म्हणतात, “भाऊजी, आता बदकाले दुसरी बाई पाहा. मले गिळताना दुखते. बोलनं होत नाई.” मी विचारतो, “इंद्रभानले सांगितलं?” त्या म्हणतात, “नाई. त्यायले सांगू नका. कापूस घरात येऊ द्या. आत्ता सांगतलं तं हे वावर सोडून मले घेऊन फिरतीन.” मग, “तुमी असं लिहून पाठवा का आवाज पसंत नाई. चिडतीन, पन चिडू द्या. मी पाहून घेईन.” आणि मी म्हणतो, “बरं.” मग तुझ्या चपलांचा आवाज येतो, तू विचारतोस, “काय बोलून राह्यले?” आणि त्या म्हणतात, “काई नाई. बदकाचं.” तू बटण दाबतोस.

ती चिठ्ठी मी त्यांच्या सांगण्यावरून लिहिली. पण घोगरा हा शब्द माझा होता, आणि गाण्याच्या शिकवणीच्या बाईही माझ्याच होत्या. तशी कोणी बाई नव्हती. विनोदी लिहायची सवय. फाट्यावरून परत गेलो ते हॉटेलवाल्यामुळे नाही. तुझ्या दारात आलो असतो तर एक तर खोटं बोलावं लागलं असतं, नाही तर तेराव्याच्या आधी तुला सांगावं लागलं असतं की त्यांनी ते दोन महिने तुझ्यापासून लपवलं आणि मला माहीत होतं. यातलं कोणतं मोठं पाप हे मला तीन चहांत ठरवता आलं नाही. नंतर एकोणीस वर्षांतही आलं नाही. आता मी सदुसष्टचा आहे, तू माझ्याहून दीड वर्षाने मोठा. हे तू ऐकावंस असं मला वाटतं. माझ्यावर रागव, तो हक्क आहे तुझा. त्यांच्यावर रागावू नकोस.

कॅसेट तुझी आहे. येऊन घेऊन जा. पण व्हीसीआर माझ्याकडेच आहे, आणि आता तो बाजारात मिळत नाही, म्हणून ऐकायचं तर इथे यावं लागेल. सकाळच्या गाडीने निघालास तर नऊपर्यंत पोचशील. रविवार बरा.

ता. क. ३. पूनमचा दोनदा फोन आला. ती म्हणते, मशीनला एक वायर लावून कॅसेटमधला आवाज पाच मिनिटांत मोबाईलमध्ये घेता येतो आणि तुला घरबसल्या पाठवता येतो. मी तिला सांगितलं की पोरी, मशीन जळालं. मशीन ठणठणीत आहे. हे पत्र संपवतानाच ते समोर चालू आहे. तिचा फोन तुला आला तर यातलं काही बोलू नकोस. फार गुणी मुलगी आहे, लगेच पाठवून देईल, आणि मग तुला इकडे यायला काही कारण उरणार नाही.